मोजून न घेतलेला चार्ज

आईचे उपदान, म्हणजे निवृत्तीच्या वेळी मिळणारी ग्रॅच्युइटी, एका सायकलीवरून अडले. ती सायकल आईने कधी पाहिली नव्हती. आईला सायकल चालवताही येत नाही.

आई सरकारी नर्स होती. नाशिकच्या उत्तरेला द्राक्षबागांच्या पट्ट्यात एका गावात तिचे उपकेंद्र होते. दोन खोल्या, पुढे व्हरांडा, अंगणात हातपंप. लसीकरण, बाळंतपणे, कुटुंबनियोजनाच्या केसेस आणि हंगामात बागेत औषध फवारताना चक्कर येऊन पडलेली माणसे, असे तिचे काम. बदलीच्या यादीत तिचे नाव आले की गावकरी अर्ज घेऊन तालुक्याला जात आणि नाव काढून आणत. त्यामुळे जिथे ती तरुणपणी रुजू झाली तिथूनच निवृत्त झाली.

निरोप समारंभ ठीक झाला. शाल, नारळ, साडी, सरपंचांचे लांबलेले भाषण. अडचण त्याच्या आदल्या दिवशी झाली होती. नवी नर्स चार्ज घ्यायला आली. स्कूटरवरून आली, हेल्मेट काढले, पाणी प्यायली आणि म्हणाली, “सिस्टर, राग मानू नका, पण मी सगळं मोजून घेणार आहे.”

“घ्या ना,” आई म्हणाली. “चमचे पण मोजा. चहापत्तीचं वजन करा.”

“चहापत्ती रजिस्टरला नाहीये सिस्टर.”

त्या तरुण नर्सने टोमणा मनावर घेतला नाही. तिने डेडस्टॉक रजिस्टर उघडले. सरकारी कचेरीतल्या टिकाऊ वस्तूंची ही नोंदवही. खाट, कपाट, वजनकाटा, ट्रे अशी एकेक ओळ वाचत ती समोरच्या वस्तूचा मोबाइलवर फोटो काढत गेली. मग थांबली. “सायकल कुठंय?”

“कुठली सायकल?”

“सायकल, लेडीज, एक नग.”

आईने वाकून ओळ वाचली. ओळ होती. सायकल नव्हती. मुलीने त्या ओळीपुढे ‘आढळली नाही’ असे लिहिले. खाली दोघींनी सह्या केल्या. घरी आल्यावर आई सायकलीबद्दल काही बोलली नाही. त्या मुलीबद्दल बोलली. “फोटो काढत होती. मी चोर असल्यासारखी.”

हा राग समजण्यासाठी तिच्या पिढीची रीत सांगितली पाहिजे. नर्सांमध्ये चार्ज मोजून घेत नसत. जाणारी मोठी असे, येणारी लहान. मोठी म्हणे, “सगळं आहे गं,” लहान म्हणे, “असणारच,” आणि कागदावर सही होई. मोजायला बसणे म्हणजे मोठीच्या तोंडावर संशय घेणे. आईनेही तिच्या आधीच्या सिस्टरकडून असाच चार्ज घेतला होता. त्या दिवशी पोहे झाले, चहा झाला, दोघी थोड्या रडल्या आणि आईने सही केली. तेव्हा त्या कागदावर सायकल होती की नव्हती हे तिने पाहिले नव्हते.

निवृत्तीनंतर तात्पुरती पेन्शन सुरू झाली. उपदान मात्र ना-देय दाखल्यावर अडले. कर्मचाऱ्याकडे सरकारचे काही येणे नाही, असा हा दाखला. तो तालुक्याच्या कार्यालयातून मिळायचा होता. पंचवटीतल्या आमच्या फ्लॅटचे उरलेले कर्ज उपदानातून फेडायचे असे आईबाबांनी फार आधी ठरवले होते. त्यामुळे निवृत्तीच्या दुसऱ्याच आठवड्यात आई तालुक्याला गेली. मी सोबत होते.

टेबलावरचे लिपिक आईच्या ओळखीचे होते. त्यांनी उठून खुर्ची दिली.

“सिस्टर, मला तुमच्याबद्दल आदर आहे. आमच्या मोठ्याचं बाळंतपण तुमच्याच हातचं.”

“काय करतो आता?”

“इंजिनीअरिंगला आहे.”

“वजन फार कमी भरलं होतं त्याचं. त्याच्या गळ्याची शपथ घेऊन सांगा, मी सरकारी सायकल खाईन का?”

“खाल्ली असं कोण म्हणतंय? हरवली म्हणा.”

त्यांनी उपाय सांगितला. सायकलीची आजच्या भावाने किंमत भरायची आणि सोबत एक जबाब द्यायचा: सदर वस्तू माझ्या निष्काळजीपणामुळे गहाळ झाली. जबाब आला की दाखला निघेल, दाखला निघाला की फाइल जिल्ह्याला जाईल. किंमत फार नव्हती. आईने जबाबाचा नमुना वाचला आणि परत टेबलावर ठेवला.

“निष्काळजीपणा हा शब्द काढता येईल?”

“नमुना वरून आलाय, सिस्टर.”

घरी बाबांना हे सगळे विनोदी वाटले. ते ओझरच्या विमान कारखान्यातून निवृत्त झाले होते आणि त्यांचे सगळे पैसे वेळेवर मिळाले होते. “सायकलच आहे ना? भर पैसे आणि सोड. विमान हरवलं असतं तर विचार केला असता.”

“निष्काळजीपणा केला असं लिहून देऊ?”

“दे. कोण वाचतंय?”

“मी वाचतेय,” आई म्हणाली.

त्यानंतर ती घरात टिकेना. भाजीला जायची, कोथिंबीर घेऊन यायची, मग मिरच्यांसाठी परत जायची. कपाटे रिकामी करून पुन्हा लावायची. लँडलाइन काढून टाकलेला होता, तरी त्या कोपऱ्याकडे बघायची. मोबाइल वाजला की कुणाचाही असो, “तालुक्याचा आहे का?” असे स्वयंपाकघरातून विचारायची. सोसायटीत ज्याला त्याला धरून रक्तदाब तपासू लागली. एकदा खालून वॉचमनचा आवाज ऐकू आला, “मावशी, कालच केलं ना माझं! कालच्यापेक्षा आज काय वाढणार?”

“तू तंबाखू खातोस म्हणून वाढणार,” आई म्हणाली आणि पट्टा बांधला.

मी वर्तमानपत्राच्या डेस्कवर काम करते. निवृत्त कर्मचाऱ्यांच्या थकीत देण्यांच्या बातम्या माझ्या हाताखालून जातात. धरणे, निवेदन, आश्वासन असा त्यांचा साचा असतो, आणि जागा कमी पडली की त्या खालून कापल्या जातात. मी पहिल्यांदाच मूळ नियम वाचायला बसले. कर्मचाऱ्याकडचे येणे असेल तर ते निवृत्तीच्या आधीच शोधून निश्चित करायचे, ही जबाबदारी खात्याची आहे. निश्चित झालेली रक्कम उपदानातून कापता येते, पण तेवढीच. एका वस्तूसाठी सगळे उपदान बेमुदत धरून ठेवता येत नाही. पेन्शन आणि उपदान ही सरकारची मेहेरबानी नसून कर्मचाऱ्याने कमावलेली मालमत्ता आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने एकापेक्षा अधिक निकालांत सांगितले आहे.

मी अर्ज तयार केला. नियम, मागणी, मुदत, सगळे एका पानात. त्यात एक वाक्य होते: ‘मी पदभार स्वीकारला तेव्हा सदर सायकल उपकेंद्रात नव्हती.’ आईने त्या वाक्यावर बोट ठेवले.

“हे काढ.”

“का? खरंच नव्हती ना?”

“म्हणजे त्यांनी नेली असा अर्थ होतो.”

त्यांनी म्हणजे आधीच्या सिस्टरने. आई त्यांना ताई म्हणायची. त्या सायखेड्याला राहतात, वयस्कर आहेत. मी म्हटले, “आई, अर्थ काहीही होवो. हे वाक्य नसेल तर अर्ज उभाच राहत नाही.”

“मग नको अर्ज.”

तीन-चार दिवस आमच्यात याच दोन वाक्यांची देवाणघेवाण झाली. शेवटी मी सुचवले की ताईंनाच विचारावे. त्यांनी दोन ओळी लिहून दिल्या तर कुणावर आरोप राहणार नाही. आई लगेच चपला घालायला उठली. “उद्या जाऊ,” मी म्हटले. “आत्ताच का नाही?” ती म्हणाली. आम्ही त्याच दुपारी माझ्या गाडीने निघालो.

सायखेड्याला ताईंचे घर गोदावरीच्या घाटापासून थोडे वर आहे. अंगणात कांदा वाळत पडला होता. ताई खुर्चीत बसून तो निवडत होत्या. आईला ओळखायला त्यांना क्षणभर लागला.

“अगंबाई, माझी नर्स! ये. लय वाळलीस गं.”

“रिटायर झाले ताई.”

“मग वाळायचं काय कारण? आता तर फुगायचं.” मग माझ्याकडे बघून, “ही ती पेपरवाली? बातमीत नको घालू मला. दात नाय राहिले फोटोला.”

चहा आला. आई हवापाण्याचे, गुडघ्यांचे, सुनेचे बोलत राहिली. विषय काढेना. शेवटी मीच सायकलीचे विचारले.

“हिरवी?” ताई म्हणाल्या. “व्हती की. मागं कॅरिअर.”

आईने कप खाली ठेवला.

ताईंनी अगदी सहज सांगितले. सायकल आली तेव्हा त्यांनाही चालवता येत नव्हती. गावातल्या सुईणीचा नवरा ती वापरायचा. बाळंतपण अडले की डॉक्टरांना निरोप द्यायला जायचा. खडकाळ रस्ता, वजनदार माणूस. आधी चेन तुटली, मग रिम वाकली, मग ती हातपंपाशी पडून राहिली आणि एके दिवशी भंगारवाला आला.

“मग निर्लेखन नाही केलं?” मी विचारले. निर्लेखन म्हणजे निकामी झालेली वस्तू नोंदवहीतून रीतसर कमी करणे.

“त्याला साहेबाची तपासणी, कमिटीची मंजुरी, लिलाव. मोडक्या सायकलीपायी तालुक्याला चपला कोण झिजवतं? रजिस्टरात उभी व्हती, कुणाचं काय खात नव्हती.” मग त्या आईकडे वळल्या. “पर तू मोजून का नाय घेतलं?”

“तुमच्याकडून? मोजून?”

ताई हसल्या. मग हसायच्या थांबल्या. “मी बी नव्हतं मोजलं. माझ्या आधीच्या बाई अशा तालेवार, त्यांच्यापुढं पेन काढायची टाप नव्हती माझी.”

मी पर्समधून कागद काढला. दोनच ओळी होत्या: सायकल माझ्या कार्यकाळात निकामी झाली, निर्लेखन राहून गेले. ताईंनी चष्मा लावून तो वाचला.

“माझी पेन्शन तर नाय ना बंद करणार?”

मी सांगितले की निवृत्त माणसाची इतक्या जुन्या प्रकरणावरून खात्याला नव्याने चौकशी सुरू करता येत नाही, नियम तसा आहे.

“हे तू लिहून देशील?”

“मी कशी देणार? मी सरकार नाही.”

“बघ. तुला लिहून द्यायची भीती वाटते, आन माझ्याकडून घेतेस.” पण त्यांनी पेन मागितले. पेन हातात घेऊन त्या कागद पुन्हा पहिल्यापासून वाचू लागल्या. आईने पुढे होऊन कागद काढून घेतला आणि घडी घालून आपल्या पर्समध्ये टाकला.

“राहू द्या ताई. आणि चहा एवढा गोड कशाला करता? शुगर आहे ना तुम्हाला?”

परतताना पूल ओलांडला. मग मी बोलले. फेरी वाया गेली, त्या सही करतच होत्या, असे काहीतरी. आई खिडकीबाहेर बघत होती.

“त्यांची सही लावून काय उपयोग होता?” ती म्हणाली. “दर मार्चला पडताळणी असते. रजिस्टर बघायचं, वस्तू बघायच्या, आणि सगळ्या आढळल्या म्हणून दाखला लिहायचा. तो दर वर्षी मी लिहिलाय.”

“सायकल आढळली म्हणून?”

“सगळ्या वस्तू आढळल्या म्हणून. मागच्या वर्षीचं बघून उतरवायचे. मार्चमध्ये किती कामं असतात तुला माहीत नाही. त्याखाली साहेबांची सही. तेही चहा घेता घेता करायचे.”

मी गाडी बाजूला घेतली. आता अर्जातले माझे वाक्य खोटे पाडायला खात्याला काहीच करावे लागणार नव्हते. आईच्याच सह्या पुढे ठेवल्या की झाले. मी तिला तसे सांगितले.

“म्हणूनच म्हणत होते, काढ ते वाक्य,” ती म्हणाली. “ताईंचं होतंच. पण तेवढंच नव्हतं.”

घरी येऊन तिने जेवण केले, भांडी आवरली आणि जेवणाच्या टेबलावर कागद घेऊन बसली. अर्ज तिने स्वतः लिहिला. माझे नियमांचे परिच्छेद तसेच ठेवले. त्याच्या आधी आपले परिच्छेद घातले. मी चार्ज घेताना वस्तू मोजून घेतल्या नाहीत. दर वर्षी पडताळणीचा दाखला मी सायकल न पाहता लिहिला. सायकल मी कधीही पाहिलेली नाही. ती गहाळ होण्याला माझा निष्काळजीपणा कारण आहे, हे मला मान्य नाही. ती नसल्याचे मी कळवले नाही, हे मान्य आहे. त्यासाठी नियमाने जी रक्कम ठरेल ती कापावी आणि उरलेले उपदान द्यावे.

ताईंचा उल्लेख त्यात कुठेही नव्हता.

मी संपादकाच्या नजरेने वाचले आणि दुसऱ्या वाक्यावर पेन्सिल ठेवली. “हे कुणी विचारलेलं नाही. न विचारलेलं सांगू नये.”

“तू बातमीत कापतेस तसं हे कापू नको.”

“आई, हे तुझ्याविरुद्ध वापरतील.”

“वापरू दे. पण मग मला रात्री उठून बसावं लागणार नाही.”

बाबा तेवढ्यात म्हणाले, “मलाही नाही लागणार. तू उठलीस की मी उठतो.”

अर्ज तालुक्याला दिला. लिपिकांनी पहिला परिच्छेद वाचला आणि चष्मा कपाळावर चढवला. पुन्हा वाचला. मग उठून साहेबांच्या खोलीत गेले. आई तोवर उभी होती. मी बस म्हटले तरी बसली नाही. भिंतीवरचे लसीकरणाचे वेळापत्रक वाचत राहिली, आणि त्यात एक चूक आहे असे मला म्हणाली.

लिपिक परतले तेव्हा त्यांचा आवाज खाली आला होता. “सिस्टर, हे वाक्य कशाला? पडताळणीचं. त्याखाली सह्या कुणाच्या आहेत माहीत आहे ना? दोन साहेब तर अजून नोकरीत आहेत.”

“माझीही सही आहे.”

“तेच. सगळेच अडकतील. साहेब म्हणतात, हा अर्ज परत घ्या. जबाब नको, पैसे नको. सायकलीचं आम्ही बघतो. सोमवारी येऊन दाखला घेऊन जा.”

मला तेवढेच ऐकायचे होते. आम्ही ज्यासाठी आलो होतो ते समोर ठेवले गेले होते, विनाकपात, विनाजबाब. मी आईच्या कोपराला हात लावला. तिने हात बाजूला केला.

“बघतो म्हणजे काय करणार?”

“अहो, ते कशाला तुम्हाला?”

“दुसरी सायकल आणून उभी करणार की रजिस्टरचं पान बदलणार? ती पोरगी तिथं एकटी असते. पुढच्या मार्चला तिनं काय लिहायचं?”

बाजूच्या टेबलावरच्या बाईंनी टायपिंग थांबवले होते.

“माझ्या अर्जात खोटं काय आहे ते लिहून द्या,” आई म्हणाली, “मी आत्ता परत घेते. नाहीतर आवक करा.”

त्यांनी अर्ज आवक केला, म्हणजे आलेल्या कागदांच्या वहीत नोंदवला. शिक्का मारताना म्हणाले, “सिस्टर, दाखला हातात आला होता. तुम्ही लांबवलंत.”

“हो,” आई म्हणाली.

लांबलेच. दोन महिने काहीच झाले नाही. त्या काळात घरात तिच्याशी बोलणे कठीण होते. आपण चूक केली का, हे ती रोज वेगवेगळ्या शब्दांत विचारायची आणि उत्तर ऐकायला थांबायची नाही. बँकेचा हप्ता बाबांच्या बचतीतून गेला. एका संध्याकाळी ती म्हणाली, “परत घेऊन टाकायला हवा होता.” दुसऱ्या दिवशी सकाळी म्हणाली, “बरं झालं नाही घेतला.” मी दोन्ही वेळा हो म्हटले.

मग हालचाल झाली. मी तिच्या नावाने स्मरणपत्र लिहिले, त्यात न्यायालयात जाण्याचा उल्लेख केला. त्यामुळे की अर्ज फाइलमधून काढता येत नव्हता त्यामुळे, हे कळायला मार्ग नाही. त्या उपकेंद्रात समिती गेली. नव्या नर्सने फोन करून सांगितले, “सिस्टर, कमिटी आली होती. सायकल, कंदील, एक स्टोव्ह, सगळं निर्लेखित केलं. मला म्हणाले, तुम्हीच फोटो दाखवा.” आईने तिला विचारले की पावसाळ्यात छताचा डावा कोपरा गळतो, ते दुरुस्त केले का. त्या मुलीशी ती पहिल्यांदाच नीट बोलली.

उपदानाचा आदेश त्यानंतर निघाला. सायकलीची घसारा वजा जाता किंमत कापली होती. ती तालुक्याच्या एका फेरीच्या भाड्याहून कमी होती. जबाब मागितला गेला नाही. पडताळणीच्या सह्यांबद्दल आदेशात एक शब्दही नव्हता. बाबा पेढे घेऊन आले. फ्लॅटचे कर्ज फिटणार होते, आणि त्यांच्या लेखी विषय संपला होता.

आई आदेश दुसऱ्यांदा वाचत होती. “यात उशिराचं व्याज नाही.”

“अगं, आता पुरे,” बाबा म्हणाले. “पेढा खा.”

“नियमात आहे ना?” तिने मला विचारले.

“आहे. उशीर खात्यामुळे झाला असेल तर.”

“कुणामुळे झाला?”

खात्याने निवृत्तीच्या आधी काही तपासले नव्हते. दाखला अडवला होता, दोन महिने अर्ज दाबून ठेवला होता. पण एका सोमवारी दाखला मिळत होता आणि तो आईने घेतला नव्हता.

“थोडा तुझ्यामुळे,” मी म्हटले.

“तेवढा सोडून बाकीचं मागायचं,” ती म्हणाली आणि कोरा कागद ओढला.

तो अर्ज जाऊन बरेच दिवस झाले. उत्तर आलेले नाही. आई अधूनमधून एसटीने तालुक्याला जाते. परत आली की मी विचारते, जागा मिळाली होती का. बऱ्याच सीट रिकाम्या होत्या, ती सांगते, पण बसवलं नाही, उभीच गेले.